गोली मालक होतो तेव्हा : शेप मेसिंग आणि इनडोअर सॉकरचा धंदा

लाँगआयलंडकर

न्यूयॉर्कच्या लाँग आयलंडवर, युनियनडेलचं नासाऊ कोलिझियम हे बंदिस्त स्टेडियम आमच्या घरापासून जवळ. तिथे आयलँडर्स या आइस हॉकी संघाने १९८० ते १९८३ असे सलग चार स्टॅन्ली कप, म्हणजे हॉकी लीगची विजेतेपदं, आणली, हे इथला साठीचा कुठलाही माणूस अर्ध्या झोपेतही सांगेल. त्याच छपराखाली, जवळपास त्याच वर्षांत, न्यूयॉर्क एरोज नावाच्या संघाने इनडोअर सॉकरची, म्हणजे बंदिस्त जागेतल्या फुटबॉलची, सलग चार विजेतेपदं मिळवली, १९७९ ते १९८२. त्यांचं नाव काढलं की तोच माणूस डोकं खाजवतो. हा धागा एरोजच्या गोलीबद्दल (गोलकीपरबद्दल) आहे, शेप मेसिंगबद्दल. हातमोजे घालणारा हा माणूस पुढे संघाचा मालक-अध्यक्ष झाला आणि अर्ध्या हंगामात आपटला. का आपटला, यावर माझं एक मत आहे, पण ते शेवटी.

आधी खेळ काय ते. आपल्याकडे इनडोअर म्हटलं की फुटसाल आठवतं. हा वेगळा. आइस हॉकीचं रिंक, साधारण दोनशे फूट बाय पंच्याऐंशी फूट. बर्फ झाकून त्यावर हिरवं कृत्रिम गवत अंथरायचं, कडेचा कठडा आणि वरची काच तशीच ठेवायची. त्यामुळे चेंडू फारसा बाहेर जातच नाही, कठड्यावर आपटून परत येतो. गोली धरून सहा-सहा जण. पंधरा मिनिटांची चार सत्रं. खेळ चालू असतानाच बदली खेळाडू आत-बाहेर करतात. फाउल मोठा असेल तर हॉकीसारखं दोन मिनिटं बाहेर बसायचं. गोल बारा फूट रुंद, साडेसहा फूट उंच. सात-पाच, सहा-चार असे स्कोअर रोजचेच. गोलीचे हाल कुत्रा खात नाही.

सुरुवातीची गोष्टही धंद्याचीच आहे. ११ फेब्रुवारी १९७४ ला फिलाडेल्फियाच्या स्पेक्ट्रम या हॉलमध्ये मॉस्कोचा रेड आर्मी संघ आणि फिलाडेल्फिया अॅटम्स यांचा बंदिस्त जागेतला सामना झाला. थंडीच्या दिवसांत जवळपास बारा हजार माणसं आली. बघणाऱ्यांत एड टेपर नावाचा एक उद्योजक होता. त्याने गोलांपेक्षा खुर्च्या जास्त मोजल्या असणार. त्याने आणि अर्ल फोरमनने मिळून मेजर इनडोअर सॉकर लीग उभी केली. पहिला सामना २२ डिसेंबर १९७८ ला आमच्याच कोलिझियममध्ये झाला, एरोज विरुद्ध सिनसिनाटी किड्स. किड्सच्या मालकांपैकी एक होता बेसबॉलचा पीट रोझ. खेळ आणि दुकान पहिल्या दिवसापासून एकाच दारातून आत आले.

आता मेसिंग. जन्म १९४९, ब्राँक्स. वाढला इथेच लाँग आयलंडवर, रोझलिनला. शिकला हार्वर्डमध्ये. १९७२ च्या म्युनिक ऑलिंपिकमध्ये अमेरिकेचा गोली. पश्चिम जर्मनीने सात गोल घातले तेव्हा गोलात हाच. नंतर न्यूयॉर्क कॉसमॉस हा मैदानी फुटबॉलचा क्लब. १९७४ मध्ये त्याने एका मासिकासाठी विवस्त्र फोटो काढून घेतले आणि क्लबने त्याला काढलं. बॉस्टनला जाऊन खेळला, कॉसमॉसने पुन्हा बोलावलं, आणि १९७७ ला पेलेच्या शेवटच्या हंगामात सॉकर बोल (अमेरिकन मैदानी लीगचा अंतिम सामना) जिंकणाऱ्या संघात तो होता. जिंकल्यावर माणूस कॉसमॉसमध्येच राहील ना? हा एक लाख डॉलरच्या करारावर ओकलंड स्टॉम्पर्सकडे गेला. अमेरिकन खेळाडूला तेव्हा इतके पैसे कोण देत होतं! ते स्टॉम्पर्स ओकलंडमध्ये एकच हंगाम टिकले, आणि हा एरोजमध्ये आला.

म्हणजे बघा, स्वतःची किंमत ओळखणं, ती वर्तमानपत्रांतून वाढवणं आणि योग्य वेळी विकणं हे त्याला तिशीच्या आतच जमलं होतं. एरोजमध्ये गोल करायला स्टीव्ह झुंगुल होता, तिकिटं खपवायला मेसिंगचा चेहरा.

१९८४ मध्ये एरोज बंद पडले. त्यांच्या जागी कॉसमॉसने इनडोअर लीगमध्ये संघ उतरवला. तो १९८५ च्या फेब्रुवारीत हंगाम अर्धा टाकून निघून गेला. एवढं डोळ्यांसमोर घडूनही १९८६ मध्ये मेसिंग आणि त्याच्या भागीदारांनी न्यूयॉर्क एक्स्प्रेस काढला. पुन्हा तेच नासाऊ कोलिझियम. भांडवलासाठी शेअर विकून लोकांकडून पैसे घेतले. अध्यक्ष मेसिंग, भागीदार मेसिंग, आणि खेळाडूंच्या यादीतही मेसिंग. अमेरिकन संघाचा कॅप्टन रिकी डेव्हिस आणला. निकाल: २६ सामने, ३ विजय, २३ पराभव. फेब्रुवारी १९८७ मध्ये, हंगामाच्या मध्यावरच, दुकान बंद.

माझं मत: खेळाडू म्हणून त्याला जो धंदा उत्तम जमत होता तो स्वतःला विकण्याचा होता, आणि मालकाला नेमका तोच उपयोगी नाही. एका माणसाच्या नावावर पहिल्या रात्री हॉल भरतो. पुढच्या पंचवीस रात्रींचं काय?

......

आळशी_वाचक

वाचनखूण साठवली. फुटबॉलमधलं मला शून्य कळतं तरी शेवटपर्यंत वाचलं. तो झुंगुल कोण? त्याने निवृत्तीनंतर काय धंदा केला?

......

पेठेतला_गोली

आयला, गोलीवर धागा! भावा, पयला नमस्कार घे. आमच्या कोल्हापुरात गोलीला कोण इचारत न्हाई. स्ट्रायकरनं गोल मारला की त्याला खांद्यावर घेत्यात, आणि गोलीनं चार वाचवून एक खाल्ला की शाहू स्टेडियमवर अख्खी पेठ शिव्या घालती. बारा फूट रुंद गोल आणि त्यात भिताडावरनं उलटा येणारा बॉल? आपल्याच्यानं हुणार न्हाई.

एक इचारतो. २६ मॅचमधी २३ हरला तर त्यात धंद्याचा काय संबंध? टीमच भिकार. आमचं पाटाकडील तालीम मंडळ सलग तेवीस मॅच हरलं तर पेठेतलं पब्लिक बी येनार न्हाई, आणि ते तर रक्ताचं पब्लिक हाय.

......

हिशेबनीस

गोलीभाऊ, संबंध आहे. मी व्यवसायाने सीए, त्यामुळे या गोष्टीत मला गोल दिसत नाहीत, फक्त ताळेबंद दिसतो.

त्या हंगामात या लीगमध्ये प्रत्येक संघाला ५२ सामने होते, त्यातले २६ घरचे. म्हणजे वर्षाच्या ३६५ दिवसांत तुमचं दुकान २६ संध्याकाळी उघडं. हॉल तुमचा नाही, भाड्याचा. चांगल्या तारखा हॉकीवाल्यांच्या, उरलेल्या तुमच्या. मंगळवारी रात्री बर्फ पडत असताना लाँग आयलंडवर कोण घराबाहेर पडतो ते धागाकर्त्यांनीच सांगावं. पगार मात्र बाराही महिन्यांच्या हिशेबाने ठरलेले. टीव्हीचा पैसा नावापुरता. पार्किंग आणि खाण्यापिण्याच्या मिळकतीत हॉलवाल्याचा हात आधी. म्हणजे उत्पन्न जवळजवळ सगळं तिकिटांचं, आणि तिकीट विकलं जातं संघ जिंकत असला तर. मोठ्या क्लबला हरण्याचा हंगाम पचवता येतो, कारण मागे टीव्हीचे करार आणि जुनी गंगाजळी असते. इथे पहिले दहा सामने हरलात की रोकड आटायला लागते. संघ भिकार निघाला हे खरं, पण तो भिकार निघू शकतो हे गृहीत धरून पैसा बाजूला न ठेवणं हे मालकाचं काम चुकणं आहे.

दुसरं. अध्यक्ष आणि खेळाडू एकच माणूस असणं मला फार खटकतं. सकाळी ज्याच्याबरोबर सराव केला, दुपारी त्याच्याच पगारातून किती कापायचे ते ठरवायचं. आणि शेअरधारकांना पत्र लिहायचं ते वेगळंच.

......

लाँगआयलंडकर

@हिशेबनीस, मंगळवारी रात्री बर्फ पडत असताना कोणीही घराबाहेर पडत नाही. लेखी देतो.

@आळशी_वाचक, झुंगुल हा स्वतंत्र धाग्याचा विषय आहे, थोडक्यात सांगतो. युगोस्लाव्हियाच्या हायदुक स्प्लिटचा मोठा स्ट्रायकर, खरं नाव स्लाविशा. १९७८ च्या शेवटी न्यूयॉर्कला आला तो परत गेलाच नाही. तिकडे लष्करी सेवा बाकी होती. युगोस्लाव्ह संघटनेच्या तक्रारीवरून त्याच्यावर आंतरराष्ट्रीय बंदी आली आणि मैदानी फुटबॉलचे दरवाजे बंद झाले. इनडोअर लीग मात्र फिफाच्या छत्राखाली नव्हती, त्यामुळे तिथे त्याला कोणी अडवू शकलं नाही. अशा अपघाताने युरोपातला उत्तम गोलंदाज (गोल करणारा या अर्थी, क्रिकेटवाल्यांनी हसू नये) हॉकीच्या रिंकवर अडकला आणि तिथे त्याने ६५२ गोल केले. लोक त्याला ‘लॉर्ड ऑफ ऑल इनडोअर्स’ म्हणत. १९८६ मध्ये सॅन डिएगोकडून टकोमाने त्याला विकत घेतलं तेव्हा दोन लाख डॉलर मोजल्याचं छापून आलं होतं. त्याचा धंदा म्हणजे त्याचे पायच, मेसिंगसारखी दुकानदारी त्याने केली नाही.

......

सेंट_लुईसची_सून

आमच्या गावाचा उल्लेख नाही म्हणून निषेध! सेंट लुईस स्टीमर्स. ऐंशीच्या सुरुवातीला इथे चेकरडोममध्ये स्टीमर्सला ब्लूज या हॉकी संघापेक्षा जास्त गर्दी व्हायची. माझे सासरे अजून ती टोपी जपून आहेत. कारण साधं होतं. संघात इथल्याच गल्ल्यांतली, इथल्याच कॅथलिक शाळांतली पोरं होती. ज्याला टाळ्या वाजवताय तो उद्या किराणा दुकानात भेटणार. न्यूयॉर्कच्या संघात हे कुठून येणार? म्हणून मला ‘इनडोअरचा धंदाच चालण्यासारखा नव्हता’ हे पटत नाही. सेंट लुईस, कॅन्सस सिटी, क्लीव्हलंड, बॉल्टिमोर, विचिटा अशा गावांत तो बरीच वर्षं चालला. ज्या शहरात करमणुकीला शंभर वाटा आहेत तिथे आपटला.

आणि धंद्याचा विषय निघालाच आहे तर खरे धंदेवाईक सांगते. टिम लायवेकी. इथलाच मुलगा. तो आणि त्याचे भाऊ इनडोअर सॉकरच्या कचेऱ्यांत तिकिटं खपवत मोठे झाले. कॅन्सस सिटी कॉमेट्सचे सामने म्हणजे अंधार, धूर, रंगीत झोत आणि ढणाढणा संगीत. आज बास्केटबॉलला जाऊन आपण जे बघतो त्यातलं बरंचसं तेव्हा या लोकांनी चालवून दाखवलं होतं. टिम पुढे लॉस एंजेलिसच्या एईजी कंपनीचा प्रमुख झाला, आणि २००७ मध्ये बेकहॅमला अमेरिकेत आणणाऱ्यांत तो पुढे होता. मग सांगा, इनडोअर सॉकरमधून धंदा शिकून बाहेर कोण पडलं? गोली की तिकीटवाला?

......

हिशेबनीस

क्या बात! सून बाई, हा मुद्दा धाग्यातच हवा होता. लायवेकीला कधीच स्वतःला विकावं लागलं नाही, तो कायम दुसऱ्याचा माल विकत होता. एका गावात पडलं की दुसऱ्या गावात त्याच कौशल्यावर नोकरी. खेळाडूचं कौशल्य पस्तिशीत संपतं आणि उरते ती ओळख.

......

कूपरेज_गॅलरी

मुंबईतून थोडं वेगळं. आपल्याकडे हा प्रश्न कित्येक वर्षं आलाच नाही, कारण फुटबॉलर हा ऑफिसचा माणूस होता. एअर इंडिया, आरसीएफ, रेल्वे, बँका. सकाळी ऑफिसात हजेरी लावून दुपारी हार्वुड लीगच्या सामन्यासाठी कूपरेज मैदानावर यायचं, गुडघे गेले की पुन्हा टेबलावर बसायचं, प्रॉव्हिडंट फंड घेऊन निवृत्त व्हायचं. धंदा काढायची गरजच नाही. त्या पिढीतल्या कित्येकांना मी पाहिलंय, खेळ सुटल्यावरही चेहऱ्यावर चिंता नाही.

मग ऑफिसचे संघ एकेक करून गेले. महिंद्र युनायटेड २०१० मध्ये बंद झाला तेव्हा आम्हाला कळलं की उत्तम चालवलेला, राष्ट्रीय फुटबॉल लीग जिंकलेला संघसुद्धा कंपनीच्या एका निर्णयाने संपतो. त्यानंतरच्या मुलांकडे करार आहे, टेबल नाही. त्यांच्यासाठी मेसिंगची गोष्ट जास्त जवळची.

......

म्हापसेकर

हांगा आमच्या पेडेच्या स्टेडियममध्ये २०१६ च्या जुलैत प्रीमियर फुटसालचे सामने झाले होते, काही चेन्नईत झाले. लीगमध्ये ब्राझीलचा फुटसालपटू फाल्काओ, शिवाय गिग्ज, स्कोल्स, रोनाल्डिन्हो! आणि सामने म्हापशात! मी दोन दिवस गेलो. फाल्काओ चेंडूशी जे करतो ते टीव्हीवर कळत नाही, दहा हातांवरून बघायला हवं. ऑल इंडिया फुटबॉल फेडरेशनची त्या लीगला मान्यता नव्हती. दोन हंगाम झाले आणि संपलं. धागा वाचताना सारखं तेच आठवत होतं: मोठी नावं, पहिल्या रात्रीची गर्दी, आणि स्थानिक पोरांना त्यातून पुढे जायला वाट नाही. एकदा रोनाल्डिन्हो परत गेला की मग तिकीट कशाला काढायचं?

......

टर्फवाला_पुणेकर

मी वाचनमात्र असतो, पण इथे राहवत नाही. मी कॉलेजात फुटबॉल खेळलो, नोकरी सोडून कर्वेनगरच्या बाजूला भागीदारीत टर्फ काढलं. सांगतो अनुभव. फुटबॉल खेळायला येणारे दहा जण महिन्याचा स्लॉट मागतात आणि घासाघीस करतात. बॉक्स क्रिकेटवाले रात्री अकराचा स्लॉट विचारसुद्धा न करता घेतात. सहा महिन्यांत मी जाळी उंच करून घेतली आणि पाटीवर ‘क्रिकेट’ मोठ्या अक्षरात लिहिलं. आता भाडं निघतं. शेजारच्या सोसायटीची आवाजाची तक्रार दर पंधरवड्याला असते ती वेगळी.

मेसिंगने संघ काढण्याऐवजी लाँग आयलंडवर चार इनडोअर मैदानं बांधून तासावर भाड्याने दिली असती तर? नाव तर होतंच त्याचं. मुलांच्या शिबिरांनाच रांग लागली असती.

......

लाँगआयलंडकर

@टर्फवाला_पुणेकर, अमेरिकेत पुढे नेमकं तेच झालं. लीग १९९२ मध्ये बंद पडली, पण तासावर मिळणारी बंदिस्त मैदानं आणि शिबिरं गावोगावी उभी राहिली, आणि बऱ्याच माजी खेळाडूंचं पोट त्यावर चाललं. आमच्या मुलीने हिवाळ्यात अशाच एका गोदामवजा जागेत फुटबॉल शिकला. काही प्रशिक्षणाकडे वळले. क्लीव्हलंडचा हेक्टर मॅरिनारो, इनडोअरमधला सर्वाधिक गोल करणाऱ्यांपैकी एक, नंतर तिथल्याच जॉन कॅरल विद्यापीठाचा प्रशिक्षक झाला.

@सेंट_लुईसची_सून, स्थानिक पोरांचा मुद्दा मान्य, पण अर्धाच. मेसिंगपेक्षा जास्त लाँग आयलंडचा माणूस कुठून आणायचा? शाळा इथली, घर इथलं. शिवाय एरोज जिंकत असतानाही आयलँडर्सच्या सावलीतच होते. याउलट डॅलस साइडकिक्सचा टाटू ब्राझीलचा. गोल केला की अंगातली जर्सी काढून प्रेक्षकांत फेकायचा, प्रत्येक गोलाला. १९८७ ची अंतिम मालिका सातव्या सामन्यात गेली, टकोमा डोममध्ये एकवीस हजारांवर माणसं, आणि साइडकिक्सने जादा वेळेत ४-३ असा सामना मारला. ब्राझीलचा माणूस डॅलसचा झाला तो झालाच, पुढे खेळाडू-प्रशिक्षक म्हणून कितीतरी वर्षं तिथेच. त्याच वर्षी चार महिने आधी इथला भूमिपुत्र दुकानाला कुलूप लावून बसला होता.

......

सेंट_लुईसची_सून

भूमिपुत्र एक आणि संघ भूमिपुत्रांचा, यात फरक आहे हो. आणि जिंकत राहिला तर ब्राझीलचाही आपला वाटतो, यात नवल ते काय. एक्स्प्रेसने तीन सामने जिंकले. तीन!

......

पेठेतला_गोली

मी पयल्यांदाच तेच बोललोय की. टीम भिकार.

पर आता आणि एक इचारतो. दुकान बुडल्यावर हा माणूस गेला कुठं? आमच्यात एकजण तालमीच्या नावावर टूर्नामेंट भरवून तोट्यात गेला, तर दोन वर्सं पेठेत तोंड दाखवंना.

......

लाँगआयलंडकर

मेसिंगने तोंड दाखवणं हाच धंदा केला! तो टीव्हीवर गेला. एमएसजी वाहिनीवर मेट्रोस्टार्स या इथल्या मैदानी फुटबॉल क्लबचे आणि नंतर त्याच क्लबचं नाव रेड बुल्स झालं तेव्हा त्यांचे सामने वर्षानुवर्षं त्याच्या समालोचनात लोकांनी बघितले. इथल्या तरुण पोरांना तो टीव्हीवरचा बोलघेवडा म्हणूनच माहीत आहे. हार्वर्ड, पेले, एरोज, ते फोटो, एक्स्प्रेस यातलं काही त्यांच्या गावी नाही.

......

हिशेबनीस

म्हणजे गडी पुन्हा मूळ व्यवसायात आला. भांडवल शून्य, जोखीम शून्य, माल स्वतःचा. सीए म्हणून माझी याला संपूर्ण मान्यता आहे. फक्त ज्यांनी एक्स्प्रेसचे शेअर घेतले होते त्यांना कोणी विचारू नका.

......

कूपरेज_गॅलरी

समालोचन हाही हक्काचा टेबलच म्हणायचा. आपल्याकडे मराठीत फुटबॉल समालोचनाला किती जागा आहेत, हे कुणाला ठाऊक असेल तर सांगा. ओळखीतला एक माजी मिडफिल्डर आहे, आवाज खणखणीत, इंग्रजी जेमतेम. टर्फवाल्यांकडे रविवारी मुलांना शिकवतो.

......

टर्फवाला_पुणेकर

@कूपरेज_गॅलरी, पुण्यात यायची तयारी असेल तर व्यनि (खासगी निरोप) करा. सकाळी सहा ते आठ टर्फ मोकळंच असतं, त्या वेळेला क्रिकेटवाले उठत नाहीत. मुलांची बॅच लावू, फी निम्मी-निम्मी.